अगारिकॉन : जुन्या अरण्यातले औषध आणि मंत्रसामग्री

अगारिकॉन हे सूचिपर्णी वृक्षांच्या गाभ्यात वाढणारे एक पांढरे, कडूजहर आणि दीर्घायुषी कवक आहे. त्याचे शास्त्रीय नाव लॅरिसिफोमेस ऑफिसिनॅलिस. आल्प्स आणि कार्पेथियन पर्वत, सायबेरिया, मंगोलिया, मोरोक्कोतील देवदारांची राने आणि उत्तर अमेरिकेचा पश्चिम भाग एवढ्या दूरदूरच्या प्रदेशांत ते आढळते. मात्र कुठेही मुबलक नसते. जगात अळंब्यांच्या आणि कवकांच्या हजारो जाती असताना हे एकच कवक भूमध्य समुद्राभोवतीच्या वैद्यकात जवळजवळ सर्वरोगहारी ठरले, आणि पॅसिफिक महासागराच्या काठी राहणाऱ्या लोकांनी मृत मांत्रिकांच्या रक्षणासाठी त्याच्या मूर्ती कोरल्या. या दोन समाजांचा एकमेकांशी कसलाही संबंध नव्हता. तरीही दोघांची नजर एकाच वस्तूवर का खिळली, हे समजायला आधी ती वस्तू तयार कशी होते ते पाहावे लागते.

अगारिकॉनचे बीजाणू वाऱ्यावर पसरतात आणि वादळाने मोडलेल्या शेंड्यातून, तुटलेल्या फांदीच्या जागेतून किंवा खोडाच्या जखमेतून झाडात शिरतात. युरोप आणि सायबेरियात त्याचे मुख्य घर म्हणजे लार्च वृक्ष. उत्तर अमेरिकेत लार्चखेरीज डग्लस फर, हेमलॉक आणि स्प्रूस यांच्यावरही ते वाढते. झाडाच्या खोडात साल आणि तिच्यालगतचे जिवंत लाकूड पाणी आणि अन्न वाहून नेते, तर मधला गाभा मृत पेशींचा असतो. तो झाडाला केवळ उभे राहायला आधार देतो. अगारिकॉन या गाभ्यावर जगते. त्यामुळे आत कवकाचे जाळे पसरलेले असतानाही झाड बाहेरून हिरवेगार दिसू शकते आणि अनेक वर्षे वाढत राहते.

लाकडात मुख्यतः सेल्युलोज, हेमिसेल्युलोज आणि लिग्निन हे पदार्थ असतात. काही कवके तिन्ही पदार्थ पचवतात. त्यांनी खाल्लेले लाकूड फिकट आणि तंतुमय होते. अगारिकॉन दुसऱ्या गटातले आहे. ते सेल्युलोज आणि हेमिसेल्युलोज काढून घेते आणि लिग्निन थोडेफार बदलून मागे ठेवते. उरलेले लाकूड तांबूस तपकिरी होते, सुकताना आकसते आणि त्याला उभ्याआडव्या भेगा पडून त्याचे चौकोनी तुकडे होतात. या प्रकाराला तपकिरी कुज म्हणतात. भेगांच्या पोकळीत कवकाचे तंतू दाट होत जातात आणि त्यांचे पांढरे, चिवट, कातड्यागत थर बनतात. झाड पडून फुटले की हे थर मोठ्या पत्र्यांसारखे सोलून काढता येतात. त्यांची पुढे कशी गरज पडली ते योग्य जागी येईल.

आतली वाढ पुरेशी झाली की कवक खोडाच्या बाहेर फळ धरते. बीजाणू तयार करणारा हा अवयव, म्हणजे फलकाय, बहुधा जमिनीपासून बराच उंच, एखाद्या तुटक्या फांदीच्या बुंध्याशी उगवतो. कोवळा असताना तो मऊ आणि ओलसर असतो; जुना होत गेला की खडूसारखा पांढरा, हलका आणि ठिसूळ बनतो. त्याच्या खालच्या अंगाला बारीक छिद्रांच्या नळ्या असतात आणि या नळ्यांतून बीजाणू गळतात. दर वर्षी नळ्यांचा नवा थर आधीच्या थराखाली चढतो, त्यामुळे फलकाय रुंद होण्याऐवजी खाली लांबत जातो. सुरुवातीला खुराच्या आकाराचा असलेला गोळा काही दशकांनी आडव्या वळ्यांचा लोंबता दंडगोल होतो. हाताच्या लांबीचे नमुने सापडले आहेत आणि पन्नास वर्षांहून जुने फलकायही माहीत आहेत. बहुतेक अळंब्यांचे आयुष्य काही दिवसांचे असते हे लक्षात घेतले, तर हा आकडा किती विलक्षण आहे ते कळते.

अगारिकॉनविषयीची सगळी कथा या कालमानावर उभी आहे. त्याला आधी म्हातारे झाड लागते, कारण कोवळ्या झाडात खाण्याजोगा गाभाच पुरेसा नसतो. मग गाभ्यात पसरायला काळ लागतो आणि त्यानंतर फळ मोठे व्हायला आणखी काही दशके. म्हणून ते सापडते ते केवळ कुऱ्हाड न लागलेल्या अरण्यात. लोकांना ते नेहमीच दुर्मीळ, उंचावरचे आणि मिळवायला कठीण असे वाटत आले, त्याचे कारणही हेच.

पहिल्या शतकातला ग्रीक वैद्य डायोस्कोरिडीस याने औषधी द्रव्यांवरच्या आपल्या ग्रंथात अगारिकॉनची नोंद केली आहे. काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील सार्मेशिया देशातल्या अगारिया भागातून ते येते, असे तो सांगतो. ते मूळ आहे की कुजक्या खोडावर उगवणारी वस्तू आहे, याबद्दल त्या काळी मतभेद होते आणि त्याने दोन्ही मते नोंदवली आहेत. त्याने अगारिकॉनचे नर आणि मादी असे दोन प्रकार मानले आणि मादी प्रकार सरस ठरवला. सुरुवातीला गोड आणि मागाहून कडू लागते, ही त्याने दिलेली चव मात्र प्रत्यक्ष जिभेवर घेतल्याशिवाय सांगता येणारी नाही. पोटदुखी, कावीळ, दमा, क्षय, ताप, सर्पदंश अशी त्याची उपयोगांची यादी लांबलचक आहे. आजच्या वाचकाला ती अतिशयोक्त वाटेल. पण त्या काळच्या वैद्यकात तीव्र रेचक आणि घाम रोखणारे द्रव्य अनेक रोगांच्या मुळावर घाव घालते अशी समजूत होती, आणि या दोन्ही बाबतींत अगारिकॉन खरोखरच प्रभावी होते.

त्याच शतकातल्या रोमन लेखक प्लिनीने वेगळेच वर्णन केले आहे. गॉलमध्ये, म्हणजे आजच्या फ्रान्सच्या भूमीत, ओकसारखी फळे धरणाऱ्या झाडांवर हे पांढरे, सुवासिक कवक उगवते आणि रात्री चमकते, त्या उजेडावरूनच लोक ते गोळा करतात, असे तो लिहितो. अगारिकॉन चमकत नाही आणि ओकवर वाढत नाही. काही कवके मात्र अंधारात खरोखर हिरवट प्रकाश देतात आणि पानझडी झाडांच्या कुजक्या लाकडावर ती युरोपात आढळतात. तेव्हा प्लिनीच्या वर्णनात दोन निराळी कवके एकत्र झाली असावीत, हे सर्वांत सयुक्तिक स्पष्टीकरण आहे. त्याचे वर्णन पुढे शतकानुशतके उतरवले गेले आणि औषधाच्या कीर्तीला अद्भुताची जोड मिळाली.

विषावरचा उतारा म्हणून रोमन साम्राज्यात 'थेरियाक' नावाचे मिश्रण प्रसिद्ध होते. नीरो बादशहाचा वैद्य अँड्रोमाकस याच्या पाठात साठाहून अधिक द्रव्ये होती आणि त्यांत अगारिकॉनही होते. पुढे व्हेनिस शहरात हे मिश्रण जाहीरपणे, लोकांसमोर बनवले जाई, म्हणजे कोणी हलके द्रव्य त्यात घालू नये. दरम्यान ग्रीक ग्रंथ अरबीत गेले, इब्न सीनासारख्या हकिमांनी हे द्रव्य आपल्या ग्रंथांत घेतले आणि 'ग़ारीक़ून' या नावाने ते युनानी वैद्यकात स्थिरावले. युनानी परंपरेबरोबर ते भारतात आले. कफ बाहेर काढणारे रेचक म्हणून हकीम आजही त्याचे नाव घेतात. भारतात हे कवक सर्वत्र उगवत नसल्यामुळे युनानी दुकानांतला माल बाहेरून येत राहिला.

भारताशी त्याचा आणखी एक संबंध एकोणिसाव्या शतकात आला. डॉ. कार्ल वॉरबर्ग याने १८३४ मध्ये ब्रिटिश गयाना येथे तापावरचे एक गुप्त औषध तयार केले आणि ते 'वॉरबर्गचे टिंक्चर' म्हणून ओळखले जाऊ लागले. ब्रिटिश लष्कराने हिंदुस्थानातल्या हिवतापावर त्याचा मोठ्या प्रमाणावर उपयोग केला. १८७५ मध्ये त्याचा पाठ प्रसिद्ध झाला तेव्हा त्यात क्विनीनबरोबर एळिया, रेवाचिनी, केशर, हिराबोळ, कापूर आणि लार्चवरचे पांढरे अगारिक असल्याचे दिसले. ताप उतरवण्याचे खरे काम क्विनीन करत होते. उत्तर अमेरिकेतल्या लाकूडतोड्यांनीही कडू चवीमुळे या कवकात क्विनीन असल्याचे गृहीत धरले आणि त्याला क्विनीनचे नाव चिकटवले. प्रत्यक्षात त्यात क्विनीनचा अंशही नाही.

कडूपणा येतो तो ट्रायटर्पीन गटातल्या संयुगांमुळे. घाम रोखण्याचा आणि जुलाब होण्याचा गुण प्रामुख्याने अगारिक आम्लाचा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हे आम्ल वेगळे काढून 'अगारिसिन' नावाने विकले जाऊ लागले आणि क्षयरोग्यांना रात्री येणारा दरदरून घाम थांबवण्यासाठी डॉक्टर ते देत. त्याने रोग बरा होत नसे. रोग्याची झोप थोडी सुधारत असे, आणि क्षयावर औषध नसलेल्या काळात तेवढेही कमी नव्हते. मात्रा वाढली तर वांत्या आणि जुलाब होत. पुढे जीवरसायनशास्त्रज्ञांना कळले की हे आम्ल पेशींच्या तंतुकणिकांतील एका प्रथिनाचे काम अडवते. एडीपी आणि एटीपी या ऊर्जावाहक रेणूंची तंतुकणिकेच्या आतबाहेर ने-आण करणारे हे प्रथिन आहे आणि त्याच्या अभ्यासासाठी अगारिक आम्ल प्रयोगशाळेत वापरले जाते. २०१३ मध्ये अगारिकॉनच्या वाढीतून क्लोरिनयुक्त कूमारिन संयुगे मिळाली आणि ती क्षयाच्या जीवाणूंची वाढ रोखतात असे परीक्षानळीत दिसले. डायोस्कोरिडीसने क्षयावर ते सुचवले होते म्हणून या निष्कर्षाचे कौतुक होणे साहजिक आहे. परंतु परीक्षानळीतला परिणाम आणि रोग्याला लागू पडणारे औषध यांत फार मोठे अंतर असते.

झाडावरच्या टणक कवकांना औषध मानण्याची रीत पश्चिम घाटातही आहे. कोकणात आणि गोव्यात फणसाच्या जुन्या खोडावर वाढणारा फणसोंबा लहान मुलांची लाळ गळणे किंवा तोंड येणे यांवर उगाळून लावतात. तो फेलिनस या वेगळ्या गटातला असून त्याची कुजही निराळ्या प्रकारची आहे. त्याचे आणि अगारिकॉनचे साम्य एवढेच की दोघांनाही जुने झाड लागते आणि दोघांचीही ओळख शास्त्रज्ञांच्या आधी घरगुती वैद्यकाने करून घेतली.

युरोपने अगारिकॉनकडे औषध म्हणून पाहिले. पॅसिफिकच्या वायव्य किनाऱ्यावर, आजच्या अलास्का आणि ब्रिटिश कोलंबिया भागात, ट्लिंगिट, हायडा आणि त्सिमशियन लोकांनी त्याला त्याहून मोठे काम दिले. या समाजांत शामन हा वैद्य, भविष्यवेत्ता आणि अदृश्य शक्तींशी बोलणारा मध्यस्थ असे. त्याच्या मृत्यूनंतरही त्याची शक्ती संपत नाही अशी श्रद्धा होती. इतरांचे दहन होत असले तरी ट्लिंगिट लोक शामनाचा देह जाळत नसत. वस्तीपासून दूर, समुद्रात शिरलेल्या एखाद्या भूशिरावर लाकडी थडगेघर बांधून त्यात तो ठेवत. त्याच्याजवळ त्याची साधने असत आणि पहाऱ्याला काही मूर्ती ठेवल्या जात. पशूंचे आणि माणसांचे मिश्र रूप असलेल्या, मोठे डोळे आणि दात दाखवणाऱ्या या मूर्तींचे काम थडग्याला कोणी हात लावू नये हे होते.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस संग्राहकांनी अशी अनेक थडगी उघडली आणि मूर्ती संग्रहालयांत पोहोचल्या. ज्यांच्या श्रद्धेच्या जागा अशा रिकाम्या झाल्या त्यांची संमती घेण्याची गरज त्या काळात कोणाला वाटली नाही, हे या संग्रहांकडे पाहताना विसरता येत नाही. संग्रहालयांच्या नोंदींत या मूर्ती लाकडाच्या म्हणून लिहिल्या गेल्या. मिनेसोटा विद्यापीठातले वनस्पतिरोगतज्ज्ञ रॉबर्ट ब्लँचेट यांनी ब्रायन कॉम्प्टन, नॅन्सी टर्नर आणि रॉबर्ट गिल्बर्टसन यांच्यासह त्यांचा अभ्यास केला. सूक्ष्मदर्शकाखाली लाकडाच्या पेशी दिसायला हव्या होत्या, पण तिथे कवकतंतूंची वीण दिसली. १९९२ मध्ये त्यांनी जाहीर केले की या मूर्ती अगारिकॉनच्या फलकायात कोरलेल्या आहेत. शंभर वर्षे जिला लाकूड समजले गेले ती वस्तू कवक निघाली.

कोरण्यासाठी अगारिकॉन सोयीचे आहे यात शंका नाही. ते मऊ आहे, हलके आहे, त्याला लाकडासारखा रेषा धरणारा पोत नाही, म्हणून सुरी कोणत्याही दिशेने चालते. पण तेवढ्या सोयीसाठी कोणी पवित्र मूर्तीचे द्रव्य ठरवत नाही, आणि सीडरचे कोरीव काम करण्यात तर हे लोक जगात अग्रगण्य होते. निवडीमागचे कारण श्रद्धेत होते. या किनाऱ्यावरच्या भाषांत या कवकाला भुतांची भाकरी अशा अर्थाची नावे मिळतात. झाडाच्या अंगावर उंच, पांढरेशुभ्र, कडू, वर्षानुवर्षे वाढणारे हे फळ मृतांच्या जगाशी जोडले गेले होते. ते औषध म्हणूनही वापरले जाई. रोग बरा करणारे द्रव्य आणि वैद्याच्या थडग्याचा रक्षक यांत त्या विचारपद्धतीला विसंगती वाटत नव्हती.

हायडा लोकांच्या एका कथेत कवकाचे हे सामर्थ्य स्पष्ट दिसते. सृष्टीची घडी बसवणारा डोमकावळा स्त्रियांची जननेंद्रिये आणायला समुद्रपार निघतो, कारण तोवर जगात स्त्री-पुरुष भेद पुरा झालेला नव्हता. ती जागा इतकी प्रभावी आहे की होडीत सुकाणूवर बसवलेला प्रत्येक जण जवळ जाताच गळून पडतो. शेवटी डोमकावळा झाडावरच्या कवकावर चेहरा रंगवून त्यालाच सुकाणूवर बसवतो आणि त्या ठिकाणी टिकाव धरतो तो फक्त कवकपुरुष. प्रसिद्ध हायडा शिल्पकार चार्ल्स एडनशॉ याने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस काळ्या अर्जिलाइट दगडाच्या ताटांवर हा प्रसंग कोरला. होडीच्या मागच्या टोकाला बसलेला, वाटोळ्या चेहऱ्याचा सुकाणूधारी त्यांत ओळखता येतो. मानवजातीच्या उत्पत्तीतच कवकाला वाटा देणारी ही कथा जगाच्या पुराणकथांत विरळा आहे.

याच कवकाचा तिसरा उपयोग अगदी अलीकडे उजेडात आला. अमेरिकेतल्या डार्टमथ कॉलेजच्या हूड संग्रहालयात १९०३ सालच्या, अलास्कातल्या ट्लिंगिट बनावटीच्या दोन पिशव्या आहेत. भिंतीला टांगून त्यांत लहानसहान वस्तू ठेवायच्या. त्या कातड्याच्या असाव्यात असे दिसते, पण त्यांचे द्रव्य कातडे नाही, कापड नाही आणि सालही नाही. ब्लँचेट आणि सहकाऱ्यांनी २०२१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात सूक्ष्मदर्शकाने आणि डीएनए तपासणीने दाखवले की ते अगारिकॉनचे कवकजाल आहे. झाडाच्या भेगांत तयार होणारे जे पांढरे थर, तेच सोलून, कापून आणि शिवून या पिशव्या केल्या होत्या. कवकजालापासून चामड्याला पर्याय तयार करण्याचे प्रयत्न गेल्या काही वर्षांत कारखान्यांतून सुरू झाले आहेत आणि ते नवे तंत्र म्हणून मिरवले जाते. फरक एवढाच की कारखान्यात कवक भुशावर काही आठवड्यांत वाढवतात, तर ट्लिंगिट कारागिराच्या हाती आलेला थर घडवायला जुन्या वृक्षाने आणि कवकाने मिळून बराच मोठा काळ घेतला होता.

आजच्या टंचाईची कारणे दोन आहेत आणि दोन्ही त्याच कालमानाशी जोडलेली आहेत. पहिले कारण औषधासाठी झालेली तोड. आल्प्समधला माल संपत आल्यावर एकोणिसाव्या शतकात युरोपच्या औषधविक्रेत्यांनी रशियाच्या उत्तरेकडून आणि सायबेरियातून अगारिकॉन आयात केले. फलकाय काढून नेले तरी झाडातले कवकजाल जिवंत राहते, पण बीजाणू पसरवणारा अवयव गेल्याने पुढच्या झाडांपर्यंत ते पोहोचत नाही. दुसरे आणि अधिक गंभीर कारण वनशेतीचे. लाकूड व्यवसायाच्या दृष्टीने अगारिकॉन लागलेले झाड निरुपयोगी असते. खोडावर एक फलकाय दिसला तरी आतले बहुतेक लाकूड वाया गेले असे धरले जाते. म्हणून असे झाड आधी तोडले जाई. त्याच्या जागी लावलेली रोपे पन्नास-साठ वर्षांत कापली जातात, आणि तेवढ्या वयाच्या खोडात अगारिकॉनला रुजायला जागा नसते. वन पुन्हा हिरवे होते, पण हे कवक त्यात परतत नाही.

आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने या जातीला धोक्यात असलेल्या जातींच्या लाल यादीत स्थान दिले आहे. युरोपातले उरलेले अधिवास तुटक आहेत. पोलंडमधल्या श्विएंतोक्षिस्की राष्ट्रीय उद्यानातल्या खेल्मोवा टेकडीवरचे जुने लार्च हा त्यांपैकी एक चांगला अभ्यासला गेलेला अधिवास. पोलंडमध्ये या कवकाला कायद्याचे संरक्षण आहे. अमेरिकेच्या वायव्य भागात उरलेल्या प्राचीन अरण्यांतून संशोधकांनी त्याचे वेगवेगळे वाण गोळा करून प्रयोगशाळेत जपले आहेत, कारण प्रत्येक वाणाची रासायनिक घडण थोडी निराळी असते आणि विषाणूंविरुद्ध त्यांचा परिणाम तपासणे चालू आहे. बशीतल्या आगर माध्यमावर कवकजाल वाढवता येते. त्यापासून मोठा फलकाय मिळवायचा तर मोठा वृक्ष आणि अनेक दशकांचा काळ लागतो. म्हणून प्रयोगशाळेतला साठा हा राखीव ठेवा ठरतो, आणि जातीचे संरक्षण म्हणजे प्रत्यक्षात दोनशे वर्षांची झाडे जागेवर उभी ठेवणे, तुटक्या शेंड्यांची आणि पोखरलेल्या गाभ्यांचीही.